चार नंबरवरची अधिकची कळ

१४ नोव्हेंबर २००५, सोमवार

रोजनिशीच्या पहिल्याच पानावर एक गंभीर तक्रार नोंदवून ठेवते, म्हणजे पुढे कोणी म्हणायला नको की बाईंनी वेळेत सांगितलं नाही. खंडेरावच्या दुकानातल्या चार नंबरच्या कॉम्प्युटरची काच पंधरा इंची आहे आणि तिच्यात चित्र दिसतं जेमतेम वीतभर. चारही बाजूंनी तीन-तीन बोटं काळं. चिवड्याची अर्धी पुडी हवेने भरलेली असते हे आपण देश म्हणून मान्य केलं आहे, पण तिथे निदान पुडी फोडेपर्यंत आशा असते. इथे फसवणूक ट्यूबलाइटच्या उजेडात उघडी मांडलेली. मी मोजपट्टी लावून पाहिलं. निम्म्याहून जास्त काच फुकट.

बाकी आगमन आनंदात झालं. नांदगावहून गाडीत खिडकी मिळाली, नाशिकरोडला खंडेराव स्वतः घ्यायला आला. खंडेराव माझा मावसभाऊ. द्राक्षाच्या धंद्यात कमावलं, त्यातून सिडकोत पहिल्या मजल्यावर गाळा घेतला आणि दहा कॉम्प्युटर मांडून खेळांचं दुकान काढलं. त्याचं तत्त्वज्ञान असं की कॉलेजची पोरं अभ्यासाला पैसे देत नाहीत, मारामारीला देतात. लक्ष ठेवायला माणूस हवं होतं. विश्वासाचं, घरचं, आणि पगाराचा विषय काढताना लाजणारं. तिन्ही गुण माझ्यात.

मी शुभांगी, वय अठ्ठेचाळीस, लग्न केलं नाही, पश्चात्ताप नाही. बावीस वर्षं नांदगावात टंकलेखनाची संस्था चालवली. तहसील कचेरीतल्या निम्म्या कारकुनांच्या बोटांवर माझी पट्टी बसलेली आहे. मग कॉम्प्युटर आले, आणि ऑगस्टमध्ये मी नऊ यंत्रं भंगारात घातली. ओळ संपत आली की यंत्राची घंटी वाजते. मी मुलींना सांगायची, घंटी वाजली तरी अजून सात अक्षरं मिळतात, घाबरायचं नाही, शब्द पुरा करायचा. भंगारवाल्याने शेवटचं यंत्र काट्यावर टाकलं तेव्हा त्याची घंटी एकदा वाजली. त्याने घंटीचे वेगळे पैसे दिले नाहीत.

राहायला दुकानामागेच खोली आहे. स्वतंत्र नळ. खिडकीतून पांडवलेण्यांचा डोंगर दिसतो, या टोकापासून त्या टोकापर्यंत, अख्खा. भाडं द्यायचं नाही म्हटल्यावर डोंगर जास्तच देखणा वाटतो.

१५ नोव्हेंबर, मंगळवार

दुपारी दोन ते पाच वीज नाही. एकलहऱ्याच्या वीजकेंद्राची वीज नाशिकच्या डोक्यावरून थेट मुंबईला जाते आणि आम्ही तारांकडे पाहत वारा घेतो. माझी मात्र लिहायची सोय झाली.

सकाळी पोरांनी मला शिकवलं. मला मॅडम म्हणतात. शिव्या देण्याआधी ‘सॉरी मॅडम’ म्हणतात, देऊन झाल्यावर म्हणायचं विसरतात. पडद्यावर ठिपके किती, यावर सगळं असतं म्हणे. सहाशे चाळीस बाय चारशे ऐंशी म्हणजे ठिपके कमी. वस्तू मोठ्या दिसतात पण थोड्याच. आठशे बाय सहाशे केलं की त्याच वस्तू बारीक होतात आणि आजूबाजूचा मुलूख जास्त दिसतो. त्याच्या वर एक हजार चोवीस. त्यासाठी खेळ थांबवावाही लागत नाही. कंट्रोल धरून अधिक दाबलं की एक पायरी वर, वजा दाबलं की एक पायरी खाली. गोळ्या चुकवता चुकवता डाव्या-उजव्या हाताने हे करतात. बोटं चांगली आहेत पोरांची. वाया चालली आहेत.

चार नंबरवर एकच खेळ आहे, जुना, शेतीचा. वरून पाहिल्यासारखं अंगण, आड, एक घर, आणि डोक्यावर टोपली घेतलेली एक बारकी बाई. पाणी शेंदायचं, पेरायचं, काढायचं. मखमलाबादकडची पोरं म्हणतात, हे करायला घरी बाप फुकट बोलावतो, इथे कशाला पैसे द्या. म्हणून चार नंबर रिकामाच असतो.

आणि काळी पट्टी का, तेही कळलं. चित्र सर्वांत खालच्या पायरीवर अडकलंय, कारण वर न्यायला कळच नाही. हा खेळ फक्त उजवीकडच्या आकड्यांमधली अधिक ओळखतो, ती उभी, दुप्पट उंचीची. ती कोणीतरी उपटून नेली आहे. भोकात पेनाचं टोक घालून पाहिलं तर खालची रबराची टोपीसुद्धा गायब. नवा कीबोर्ड आण म्हटलं तर खंडेराव म्हणाला, ‘शुभा, चालतंय ना? मग कशाला उकरतेस.’

बावीस वर्षांत माझ्या एकाही यंत्राची कळ पडलेली नव्हती. दात पडलेल्या माणसाशी बोलताना लक्ष जसं तिथेच जातं तसं माझं होतंय.

१७ नोव्हेंबर, गुरुवार

जिन्याच्या पायथ्याशी बायडाबाई बसते. मखमलाबादची. घरच्या वाफ्यातला झेंडू आणि शेवंती विकते. खंडेराव रोज तिच्याकडून गणपतीला हार घेतो. माझ्याआधी दुकान सांभाळायचा तो पुंजाराम म्हणजे तिचा नवरा. जूनमध्ये त्याची नजर गेली. पूर्ण नाही, मधलं दिसतं, कडेचं नाही. ‘नळीतून बघितल्यावानी,’ बायडाबाई म्हणाली. वाफ्यात उतरला की रोपं तुडवतो, म्हणून ओट्यावर बसवून ठेवलाय.

आज दुपारी ती वर आली ती डबा घेऊन. मेथीची भाजी, बाजरीची भाकरी, ठेचा. तुमी एकट्या, बाईमाणूस, हाटेलात कुठं जाता, म्हणाली. मी गावच्या सवयीने आधी संशय घेतला, मग जेवले. ठेचा असा की संशयाला जागा उरली नाही.

खालच्या पुडात कागदाची पुरचुंडी होती. उघडली तर ती उभी कळ! रबराच्या टोपीसकट. ह्यांच्या सदऱ्याच्या खिशात घावली, तुमच्या दुकानाची हाय, ज्याचं त्याला दिलेलं बरं, असं म्हणाली. इतकी सचोटी मी तहसीलदार कचेरीत बावीस वर्षं शोधली.

रिकामा डबा परत देऊ नये. आईने शिकवलेल्या ज्या दोन-तीन गोष्टी मी पाळते त्यातली ही एक. धुऊन, चमचाभर साखर टाकून दिला.

कळ बसवायला अर्धा तास लागला. खालची तार मोडली होती, तिच्या जागी केसाचा आकडा वाकवून घातला. आता टक् असा स्वच्छ आवाज येतो. एवढा आनंद मला विद्यार्थिनी पास झाल्यावरही झालेला नाही.

१८ नोव्हेंबर, शुक्रवार

सकाळी गर्दी होण्याआधी चार नंबरवर बसले. कंट्रोल, अधिक. पडदा क्षणभर काळा, मग चित्र आलं, मोठं. तीन बोटांची पट्टी दीड बोटावर आली. टोपलीवाली बाई लहान झाली, अंगणाभोवती काट्यांचं कुंपण दिसू लागलं, त्याला एक फाटक. इतके दिवस ते तिथे होतंच, फक्त आम्हाला दाखवलं जात नव्हतं. सरकारी कारभाराचं याहून चांगलं वर्णन मला सुचत नाही.

अजून एक पायरी आहे, पण वीज गेली.

उठताना खुर्चीच्या हाताला कोपर आपटलं. खुर्ची तिथे नव्हती असं वाटलं.

२१ नोव्हेंबर, सोमवार

आज शेवटची पायरी चढले. एक हजार चोवीस बाय सातशे अडुसष्ट. काच काठोकाठ भरली. काळं नावाला नाही. तक्रार निकाली.

कुंपणाबाहेर मात्र माणसं आहेत. तिळाएवढी. कुंपणापासून सारख्या अंतरावर, गोल करून उभी. हात खाली सोडलेले, तोंडं आतल्या बाजूला. अकरा मोजली. हलत नाहीत. पोरांना विचारलं तर म्हणाली, शोभेची असतील मॅडम, खेळात असतात तशी.

शोभेची माणसं मी सत्कार समारंभात पाहिली आहेत. ती इतकी लक्ष देऊन उभी नसतात.

संध्याकाळी दूध आणायला खाली गेले तर रिक्षावाला ओरडला, ओ मावशी, मरायचंय का. रिक्षा आली कुठून ते मला कळलंच नाही. मावशी म्हणाला म्हणून जास्त राग आला.

२२ नोव्हेंबर, मंगळवार

सकाळी चहा घेताना खिडकीशी उभी होते. डोंगराची दोन्ही टोकं दिसेनात. धुकं म्हणावं तर मधला डोंगर लख्ख. मान डावीकडे वळवली, डावं टोक आलं, उजवं आणखी गेलं.

चष्मा पुसला. चष्मा काढला. काळी पट्टी. चारही बाजूंनी.

नेत्रतज्ज्ञाकडे गेले. त्याने डोळ्यांत थेंब घातले, उजेड मारला, बाजूने बोट नाचवलं. बोट मला बरंच मध्ये आल्यावर दिसलं. मग म्हणाला, पडदा उत्तम आहे, नस उत्तम आहे, वयोमानाने काळजी वाढते, पोटॅशियम खा. केळ्यांसाठी मी त्याला शंभर रुपये दिले.

२४ नोव्हेंबर, गुरुवार

बायडाबाई पेढे घेऊन आली. पुंजारामला कालपासून ओट्यावरून विहीर दिसते. शुक्रवारी आधी दाराची चौकट दिसली, सोमवारी चौकटीतली म्हैस, आता विहीर. म्हाताऱ्या सासूने खंडोबाला नारळ फोडला. मी मनापासून आनंद मानला आणि दोन पेढे खाल्ले. तिने मात्र माझ्याकडे सरळ पाहिलं नाही. डबा रोज आणते, तोही आधीपेक्षा भरून. काल मांडे होते. पुरणाचे मांडे, आणि सण कुठला होता ते मी आठवत बसले.

पडद्यावर आज दहाच माणसं. दोनदा मोजली.

माझी पट्टी दोन बोटं.

२६ नोव्हेंबर, शनिवार

ही नोंद नीट लिहायची. हात ताळ्यावर आहे तोवर.

कालपासून पट्टीत कोणीतरी उभं आहे. उजव्या डोळ्याच्या कडेला, पूर्ण माणसाएवढं. त्याच्याकडे वळले की तोही वळणाबरोबर सरकतो, कडेलाच राहतो. हात खाली सोडलेले. तोंड माझ्याकडे. तोंड म्हणजे ठिपके आहेत, दहा-बारा, चौकोनी, मातीच्या रंगाचे. एवढ्या मोठ्या डोक्याला एवढेच.

आज सकाळी डावीकडे दुसरा.

पडद्यावर नऊ.

मागची पानं काढून तारखा लावल्या. अठराला मी पहिली पायरी चढले, त्या दिवशी पुंजारामला चौकट दिसली. एकवीसला दुसरी, त्या दिवशी म्हैस. त्यापुढे मी कळेला हात लावलेला नाही. तरी माझा डोंगर रोज आखूड होतो आणि त्याचा वाफा रोज रुंद होतो. काळं एकच आहे. काचेवरून गेलं म्हणजे गेलं नाही, माणसाकडे आलं.

कंट्रोल धरून वजा दाबलं. चित्र आज्ञाधारकपणे लहान झालं, काचेला पुन्हा तीन-तीन बोटं काळं. पुन्हा दाबलं, पुन्हा. खालच्या पायरीवर अंगण, आड, घर. कुंपणसुद्धा नाही. ती नऊ माणसं मात्र आता चित्राच्या काठाशी येऊन उभी.

माझी पट्टी केसभरही हलली नाही. त्यांना बाहेर यायला वाट करून दिली मी. जायला कोण सांगणार.

२८ नोव्हेंबर, सोमवार

बायडाबाईला वर बोलावलं, दार लावलं, आणि विचारलं.

तिने आढेवेढे घेतले नाहीत. पदर डोळ्यांनाही लावला नाही. सगळं सांगितलं, भाव सांगावा तसं. मागल्या उन्हाळ्यात एक शिकलेला माणूस रोज चार नंबरवर बसायचा, मान वळवून वळवून बघणारा. एक दिवस त्याने पुंजारामला बसवलं, म्हणाला ही कळ दाब, गंमत बघ. पुंजारामने दाबली. तो माणूस हसत, डोळे चोळत जिना उतरला, परत आला नाही. जो नंतर दाबतो त्याच्याकडे ते जातं. पुंजारामला हे कळलं तेव्हा रुपयाएवढं दिसत होतं. त्याने कोणाला बसवलं नाही. कळ उपटली, बायकोच्या हातात दिली, आणि सांगितलं, गंगेत टाक, मधल्या धारेत. गंगा म्हणजे इथली गोदावरी.

तो अजून समजतो ती गंगेतच आहे.

ती म्हणाली, ‘तुमच्या मागं कोन हाय बाई? माझ्या मागं दोन पोरी हायेत, सासू हाय, त्यो हाय. तुमी आला त्या दिवशी मी जिन्यात बसून लय इचार केला.’

मी विचारलं, मग डबा कशाला? ती म्हणाली, ‘मला घास जात न्हवता.’

मी उठून दाराची कडी काढली.

जाताना तिने एक सांगितलं. रुपयाएवढं उरलं की ते हात लावाया लागतात. पुंजारामच्या दंडावर वळ आहेत, अजून गेले नाहीत. चौकोनी. ते सगळे आत आले आणि मधलं मिटलं की काय होतं ते त्याने पाहिलेलं नाही. एक यायचा राहिला होता. तो कधी येतो म्हणून वाटेवर नजर ठेवून पुंजाराम पाच महिने ओट्यावर बसला.

डबा ठेवून गेली. मी उघडला नाही.

पडद्यावर सहा.

३० नोव्हेंबर, बुधवार

आज मी वाईट वागणार होते. लिहून ठेवते.

खंडेरावची मुलगी तेजस्विनी सकाळी माझ्याकडे टंकलेखन शिकायला येते. एकोणीस वर्षांची, बी.कॉम.ला. डिसेंबरात सरकारी परीक्षा आहे. हात सुरेख. कीबोर्डकडे न पाहता बडवते, आणि बडवताना पुटपुटते. आज नऊ जागा भरलेल्या होत्या. मी म्हटलं, चार नंबरवर बस.

बसली. म्हणाली, ‘आत्या, ह्याचं चित्र एवढुसं का गं? मोठं नाही का होत?’

मी म्हटलं, होतं की.

एक टक्. एवढंच. मग डोंगर परत, रिक्षा परत, पोरांची तोंडं परत. ती तरुण आहे, तिला बाप आहे, तिच्या मागे खंडेरावचे पैसे आहेत, मुंबईचे डॉक्टर आहेत. बायडाबाईने जिन्यात बसून केला तोच हिशेब मी खुर्चीमागे उभी राहून केला, आणि तो तितकाच चोख जमला. हीच भीती. कडेला उभे होते ते सगळे एकदम तिच्याकडे वळले. पहिल्यांदा त्यांनी माझ्यावरून नजर काढली. काय सुख होतं ते. काय सांगू.

तिने डावा हात कंट्रोलवर ठेवला. कुठली कळ आत्या, म्हणाली.

मी हात घातला आणि ती उभी कळ मुळापासून उपटली. आकडा तर्जनीत घुसला, रक्त आलं. पोरगी किंचाळली. तिला सांगितलं, ऊठ, तुझी मनगटं चुकतात, परीक्षेत नापास होशील, जा घरी. रडत गेली. खंडेरावला मी काय सांगणार याची मला चिंता नाही. तो विचारणार कीबोर्डचं नुकसान कोण भरणार.

कीबोर्डची वायर विळीवर कापली. रबराची टोपी नखाने काढली.

पडद्यावर चार.

२ डिसेंबर, शुक्रवार

डोंगर नाही. खिडकी नाही, खिडकीतला एक गज.

ओळी पानाच्या मध्यावरच लिहिते. कडेला ते आहेत. कागदाच्या कडेलाही —

खंडेराव आला होता. त्याचं नाक तेवढं दिसलं. तेजूला का रडवलंस, ओरडत होता, नाकानेच. म्हणाला उद्या सामान बांध, नांदगावला जा. नांदगावला. तिकडे डोळे मिळतात का —

दंडावर दोन वळ. चौकोनी. कडा पट्टीने आखल्यासारख्या. दुखत नाहीत. गार आहेत.

पडद्यावर दोन.

दोन, की एक. बुबुळ हलवलं की ते —

३ डिसेंबर, शनिवार

सकाळ. रुपयाएवढं.

आंधळ्या बोटांनी लिहिते. बोटांना सवय आहे. माझ्या मुलींनाही मी तेच — पाहायचं नाही, बोटांवर विश्वास.

पाच दिवस तिचा डबा माझ्याकडे पडून. आत भाकरी होती, बुरशी आलेली. हाताला लागली. धुतला. तीनदा. कोरडा केला.

रिकामा द्यायचा नाही.

साखरेचा डबा चाचपला. वाटीभर. आज चमचाभर नको.

आधी खाली ती. मग वर साखर.

एक वाजला. जिन्यात तिच्या चपला.

दिला. तिने हातात तोलला. म्हणाली लय जड हाय. साखर, म्हटलं. पुंजारामना द्या आधी, गोड मानून घ्या म्हणावं. डोळे कसे हायेत, तिने विचारलं. बरे, म्हटलं. मग गेली. खाली शेवंतीचा वास. मग तोही —

त्याला आता चांगलं दिसतं. झाकण तोच उघडेल. साखर उकरेल. खाली उभी, दुप्पट उंचीची, त्याच्या हिशेबात जी जूनपासून गंगेच्या तळाशी आहे ती. वर माझं रक्त. तो बायकोकडे बघेल. अख्खी दिसेल त्याला ती. कडेपासून कडेपर्यंत.

ज्याचं त्याला दिलेलं बरं.

पडद्यापाशी नाक नेलं. अंगण. आड. घर. टोपलीवाली एकटी. बाहेर कोणी —

म्हणजे अकरावाही.

मान धरली आहे. मागून. चार बोटं, चौकोनी. दुसरा हात पुढून येतोय, रुपयाच्या समोर, सावकाश —

घंटी. वाजली. नांदगावची, शेवटच्या यंत्राची. भंगारात दिली होती मी.

अजून सात अक्षरं मिळतात. घाबरायचं नाही. शब्द पुरा क